कळप एकटा आला तेव्हा

रविवार, २० जानेवारी २००२ रोजी हिरडटोला गावाच्या स्वच्छता समितीने तीनशे बेचाळीस रुपये मंजूर केले. एकशे साठ रुपयांचे ब्लँकेट, बत्तीस रुपये वडशाला जाण्यायेण्याचे एस.टी. भाडे, शंभर रुपये दोन दिवसांचे खाणे आणि पन्नास रुपये चहा-बिडी. एवढ्या पैशात गावची जनावरे चारणाऱ्या झिंगू गायकीने दोन दिवस गावाबाहेर काढायचे होते. बुधवारी स्वच्छ गाव स्पर्धेची तपासणी समिती गाव बघायला येणार होती, आणि झिंगू तिच्या नजरेला पडू नये असे ठरले होते.

हा खर्च कोणत्या नावाखाली लिहायचा, असे मी सभेत विचारले. मी सेवा सहकारी संस्थेचा गटसचिव. गावात बी.कॉम. झालेला एकटाच, म्हणून या समितीचा हिशेबही माझ्याकडे आला होता. सरपंच गुणवंतराव म्हणाले, "किरकोळमंधी टाका."

मागून कोणीतरी म्हणाले, "जनावराच्या खर्चात टाका ना. गायकीच हाय तो."

लोक हसले. झिंगूचा थोरला भाऊ दादाजी माझ्या शेजारीच बसला होता. तो हसला नाही.

नोकरीची माझी थोडीच वर्षे उरली आहेत. या वर्षांत तालुक्यातली बरीच गावे पाहिली, बरीच मोठी माणसे पाहिली. तुमच्या गावात सांगण्यासारखे काय आहे, असे कोणी विचारले तर मी झिंगू गायकीचे नाव सांगतो. हे वाचून पुष्कळांना नवल वाटेल, म्हणून त्याची हकिकत क्रमाने लिहितो.

हिरडटोला कुरखेडा तालुक्यात, जंगलाला अगदी चिकटून आहे. धानाचे गाव. झिंगूच्या घरी चार एकर बांधी, म्हणजे धानाची शेती होती, आणि दोघे भाऊ. झिंगू दादाजीपेक्षा पाच-सहा वर्षांनी लहान. तरुणपणी तो गावच्या दंडारीत राणी व्हायचा. दंडार म्हणजे आमच्या झाडीपट्टीतला नाचगाण्याचा खेळ. त्यात बायकांची कामे पोरेच करतात. अंगाने सडपातळ, बोटे लांबसडक. हात नाचवत तो पुढे आला की म्हाताऱ्या बाया म्हणायच्या, पोरगी असती तर सून केली असती.

१९७५ च्या हिवाळ्यात धान चुरण्याचे दिवस होते. खळ्यावर शेकोटीभोवती माणसे बसली होती आणि झिंगू काहीतरी गंमत सांगत होता. सांगता सांगता त्याने एक हात खाली टेकला, तो निखाऱ्यावर. मांस जळल्याचा वास सुटला. झिंगू गंमत सांगतच होता. हसणारी माणसे एकेक करून गप्प झाली, आणि मग त्याने खाली पाहिले.

दुसऱ्या दिवशी सगळ्या गावाला ठाऊक झाले की झिंगूला महारोग आहे. मूल गावाकडच्या एका घरी त्याची सोयरीक जुळली होती, ती मोडली. पंच बसले. आरडाओरडा कोणी केला नाही. सगळे हळू आवाजात बोलले, आणि झिंगूने नाल्यापलीकडे राहावे असे ठरले. झोपडी दादाजीनेच बांधली. पावसाचा एक थेंब गळणार नाही अशी शाकारली, आणि तो परत आला. त्यानंतर त्याने भावाला हात लावला नाही. दादाजीची बायको सोमारी रोज नाल्याच्या काठी एका चपट्या दगडावर भात ठेवून यायची. ती वळून गावाकडे निघाली की झिंगू उठायचा. तो मला एकदा म्हणाला, "सचिवभाऊ, त्या दगडाले जेवढा भात भेटला, तेवढा गावात कोनाले भेटला नसन."

नव्वदनंतर आमच्या भागात सायकलवरून एक आरोग्य कर्मचारी यायला लागला. त्याने झिंगूला पाकिटातल्या गोळ्या सुरू केल्या. झिंगूने त्या एकही दिवस न चुकवता खाल्ल्या. १९९२ साली दवाखान्याने लिहून दिले की याला आता रोग नाही. गेलेली बोटे मात्र परत येत नसतात. डाव्या हाताची सगळी आखूड झाली होती. उजव्या हाताचा अंगठा आणि अर्धी तर्जनी तेवढी कामाची उरली होती. दवाखान्याचा कागद त्याने प्लास्टिकच्या पिशवीत घालून गावभर दाखवला. लोक कागद बघायचे, मान हलवायचे आणि दोन पावले मागे सरकायचे.

त्याच सुमारास गावात एक गोष्ट घडली. गायकी म्हणजे गावाची जनावरे चारणारा माणूस. सकाळी घराघरांतून जनावरे गोळा करायची, दिवसभर जंगलात चारायची आणि मावळतीला ज्याची त्याच्या दारात आणायची, हे त्याचे काम. येताना कळप पुढे आणि गायकी मागे. ही रीत कधी मोडत नाही. म्हणून कळप एकटा आला, मागे गायकी नसला, तर गायकी गेला असे समजायचे. मग कोणी कोणाला विचारत थांबत नाही. कुऱ्हाड, काठी, टेंभा, रिकामा डबा, ज्याच्या हाताला जे लागेल ते घेऊन गाव जंगलाकडे पळते. १९९३ च्या पावसाळ्यात कळप असा एकटा आला. गाव पळाले. तेव्हाचा गायकी बापूजी नाल्याच्या वरच्या अंगाला सापडला. वाघाने त्याला फार ओढत नेले नव्हते, पण उपयोग नव्हता.

त्यानंतर गायकी व्हायला कोणी तयार होईना. लोक पाळीपाळीने जनावरे नेऊ लागले, पण जिथे सगळ्यांची पाळी तिथे कोणाचेच लक्ष नाही. धानाची रोपे खाल्ली गेली, भांडणे झाली. एका सकाळी झिंगू नाल्याच्या अलीकडे येऊन उभा राहिला आणि त्याने तोंडाने एक लांब हाक दिली. तिथे चरणाऱ्या सात-आठ गायी माना वर करून त्याच्याकडे चालायला लागल्या.

गुणवंतराव तेव्हा नुकतेच सरपंच झाले होते. त्यांनी लांबूनच विचारले, "तुले वाघाचा भेव नाई लागत का गा?"

"वाघालेही माया रोगाचा भेव लागते, भाऊ," झिंगू म्हणाला.

असा तो गायकी झाला. काठी मुठीत नीट धरता येत नव्हती, म्हणून त्याने तिला चामड्याचा पट्टा लावून मनगटाला बांधली. जनावरामागे वर्षाला दोन पायल्या धान, हा जुना दर. खळ्यावर लोक त्याच्या पोत्यात धान मापून टाकायचे आणि बाजूला व्हायचे. कोणाचे माप कमी भरतेय असे वाटले की झिंगू गोड आवाजात विचारायचा, "मी हात लावून पाहू का मापाले?" लगेच ओंजळभर धान वरून पडायचे. दिवाळीत गायगोधनाच्या दिवशी गावातल्या बाया गायीला ओवाळतात आणि गायकीलाही ओवाळतात. याच्या वेळी त्यांनी फक्त गायीला आणि काठीला ओवाळले. त्यावर तो म्हणाला, "काठीले ओवाळलं, काठी माया हातात होती. अर्धं तं मले लागलंच."

नऊ वर्षांत त्याच्या हातून एक वासरू गेले, तेही पुरात. एकदा बिबट्याने कळपात उडी घेतली, तेव्हा झिंगूने काठी आपटत, दंडारीतल्या राणीचे गाणे मोठ्याने म्हणत त्याला हुसकले. ही गोष्ट मी चारा तोडायला गेलेल्या दोन माणसांकडून ऐकली. झिंगूने स्वतः सांगितली नाही. विचारल्यावर म्हणाला, "गाणं बेसूर झालं होतं, म्हून पळाला असन."

आता स्पर्धेकडे येतो. गाव स्वच्छ आणि सुंदर ठेवायचे, तालुक्यात पहिला नंबर आला तर मोठे बक्षीस. गुणवंतरावांनी त्या पैशात पाण्याची टाकी बांधायचे ठरवले होते. त्यांचा हेतू वाईट नव्हता. गावात दोनच हातपंप होते, आणि उन्हाळ्यात त्यातला एक आटायचा. महिनाभर गाव राबले. संडास झाले, शोषखड्डे झाले, झाडांच्या बुंध्यांना चुना-गेरू लागला. मोडक्या बैलगाड्या गावामागे नेल्या. काट्यांची कुंपणे काढून बांबूची केली. सोमारीच्या अंगणातला अर्धा तुटलेला रांजणही कोणीतरी उचलून नेला. ती आठ दिवस त्याच्यावरून भांडत होती. जे वाकडे, फुटके, जुने दिसेल ते झाकायचे किंवा हलवायचे, असे सगळ्यांच्या अंगात भरले होते.

भिंतींवर घोषवाक्ये लिहायला वडशाहून इनायत पेंटर आला. हिवाळ्यात तो नाटक कंपन्यांचे बोर्ड रंगवायचा, त्यामुळे त्याला वेळ नव्हता, पण गुणवंतरावांनी गळ घातली. ग्रामपंचायतीच्या भिंतीवर त्याने एक मोठे चित्र काढले: डोंगर, धानाची शेते, गायींचा कळप, आणि कळपामागे पांढऱ्या धोतरातला, हातात बासरी घेतलेला गायकी. सकाळी जनावरे नेताना झिंगू चित्रासमोर थांबला.

"इनायतभाऊ, बोटं जास्तीची झाली तुयी."

इनायत शिडीवरूनच म्हणाला, "दसच हायेत, झिंगूभाऊ. गिनून घ्या."

"मंग दोन-चार इकडे दे ना. त्याले कुठी जनावरं वळायचे हाय!"

इनायत इतका हसला की त्याच्या हातातला ब्रश खाली पडला. झिंगूने तो अंगठ्यात आणि अर्ध्या बोटात धरून वर दिला, आणि इनायतने घेतला. ते पाहून चार माणसे एकमेकांकडे बघायला लागली. झिंगूला गावाबाहेर पाठवायचा विषय त्याच दिवशी निघाला, असे मला वाटते.

रविवारी सभा संपल्यावर तीनशे बेचाळीस रुपये घेऊन गुणवंतराव आणि मी नाल्यापलीकडे गेलो. झिंगू चूल पेटवत होता. आम्ही उभेच राहिलो.

"झिंगू, तुले नाटक आवडते ना? वडशाले नाटकं चालू हायेत," गुणवंतराव म्हणाले. "दोन दिवस जा. नाटक पाय, खा, पी, मजा कर. नवा ब्लँकेट घे. सारा खर्च समितीचा."

झिंगू चुलीकडे बघत म्हणाला, "नाटकाले गेलो का मले जागा लय भेटते, भाऊ. मी बसलो का बाजूचे सरकतात. खर्च काऊन करता?"

"आता सरळच सांगतो. बुधवारी कमेटी येऊन राह्यली."

"येऊ द्या."

"गावाच्या टाकीचा सवाल हाय, बा. एका गुणानं नंबर जाते."

"डुंडी गाय ठेवली ना गावात? तिले एकच शिंग हाय. अन् गावातला एक बैल लंगडा हाय, तो ठेवला. मंग मलेच काऊन पाठवता?"

झिंगूने आमच्याकडे पाहिले. त्याच्या आवाजात राग नव्हता, पण तो उभा राहिला होता.

"पैसे घेऊन जा, सचिवभाऊ. सत्तावीस वर्सं मी नाल्याच्या इकडे राह्यलो. तेव्हा रोग होता, मी काही म्हनलो नाई. आता रोग नाई. जनावर सकाळी नेईन, मावळतीले आनीन. गावात कमेटी येवो का इंद्र येवो. हे नाई जमत तं दुसरा गायकी पाहा."

दुसरा गायकी मिळणार नाही, हे तिघांनाही माहीत होते. शेवटी गुणवंतरावांनी तोडगा काढला: समिती अकराला येऊन दोनपर्यंत जाईल. झिंगूने सकाळी जरा लवकर निघावे आणि रोजच्या वेळेला यावे. कोणालाच कोणी दिसणार नाही. झिंगू म्हणाला, ते तर रोजचेच आहे. तीनशे बेचाळीस रुपये मी दुसऱ्या दिवशी जमा करून टाकले.

बुधवारी सकाळपासून गाव नटून बसले. दारोदार रांगोळ्या. रस्ते सडा टाकून पिवळे-हिरवे दिसत होते. अकरा वाजले, दोन वाजले. समितीची जीप दुसऱ्या गावाच्या रस्त्यात बिघडल्याचा निरोप आला. रांगोळीवर कोंबड्या फिरू नयेत म्हणून प्रत्येक दारात कोणीतरी काठी घेऊन बसले होते. जीप आली तेव्हा साडेचार होऊन गेले होते. हिवाळ्यात साडेपाचला सूर्य झाडांच्या मागे जातो.

गुणवंतरावांच्या ध्यानात ते आले. त्यांनी हसतमुखाने समितीच्या प्रमुख बाईंना हार घातला, आणि मागे वळून श्रावणला हळूच बोलावले. श्रावण हा तरुण मंडळाचा अध्यक्ष; वडशाच्या कॉलेजात शिकलेला, हुशार, धडपड्या मुलगा. "नाल्यावर जा. झिंगूले म्हना, जीप जाईस्तोवर तिथीच थांब." श्रावण दोन मित्रांना घेऊन गेला.

नाल्यावर काय झाले ते मला नंतर श्रावणने सांगितले आणि झिंगूनेही सांगितले. दोघांच्या सांगण्यात फरक नाही. झिंगूच्या सांगण्यात श्रावण थोडा जास्त घाबरतो, इतकेच.

श्रावण म्हणाला, "झिंगूकाका, आज इथीच थांबा. जीप गेली का मी सांगतो."

"अन् जनावरं?"

"जनावरंही थांबवू."

"थांबव," म्हणून झिंगू बाजूला झाला.

वासरे घरी बांधलेली, गायींचे सड भरलेले. तिघा पोरांनी हात पसरले, ओरडले, एकाने शर्ट काढून फिरवला. कळप त्यांच्या दोन्ही बाजूंनी नाला उतरून निघून गेला.

श्रावण धापा टाकत म्हणाला, "जाऊ द्या जनावरं. तुमी बसा."

"कळप एकटा जाईल, श्रावण."

"जाऊ द्या ना! रस्ता मालूम हाय त्याइले."

"कळप एकटा गेला तं गावात काय होते, इचार केला का?"

"काय होते? आपापल्या कोठ्यात जाते."

झिंगूने त्याच्याकडे क्षणभर पाहिले. बापूजी गेला तेव्हा श्रावण वडशाला मामाकडे शिकत होता. "बरं बा," झिंगू म्हणाला. "तुमचा हुकूम." तो काठावर बसला आणि त्याने बिडी काढली. "जरा काडी लावून दे. माया बोटात काडी राह्यत नाई." श्रावणने जवळ जाऊन काडी लावून दिली.

इकडे प्रमुख बाई भिंतीवरचे चित्र बघत होत्या. "छान आहे हो," त्या म्हणाल्या. "तो गायकी तर अगदी खरा वाटतो." गुणवंतराव खूश होते. तेवढ्यात लाकडी घंटांचा आवाज आला.

कळप गल्लीत शिरला. रांगोळ्या तुडवल्या गेल्या. पहिल्या गायीने समितीच्या सभासदांसमोरच शेण टाकले. बाया हसायला लागल्या, गुणवंतराव कपाळावरचा घाम पुसायला लागले. डुंडी आली, लंगडा बैल सगळ्यांच्या शेवटी आला. त्याच्या मागे धूळ होती. धुळीत कोणी नव्हते.

सोमारी हातपंपावर होती. तिने आधी पाहिले. तिची घागर पडल्याचा आवाज मला अजून आठवतो.

"मागं कोनी नाई! गायकी नाई मागं! झिंगू गेला गा!"

त्यानंतर काय झाले ते सांगायला जेवढा वेळ लागेल तेवढा घडायला लागला नाही. दादाजीच्या हातात नारळाचे ताट होते. ते खाली पडले, आणि तो कुऱ्हाड घेऊन अनवाणी पळत सुटला. साठीच्या जवळ आलेला माणूस, पण तरुण पोरे त्याच्या मागे राहिली. घराघरांतून माणसे निघाली. काठ्या, कुऱ्हाडी, डबे. कोंबड्या हाकणाऱ्या बाया त्याच काठ्या घेऊन धावल्या. इनायतचा पैशांचा हिशेब त्याच दिवशी व्हायचा होता, म्हणून तो आलेला. तोही शिडीचा बांबू ओढून घेऊन पळाला.

आणि गुणवंतराव! अर्ध्या तासापूर्वी त्यांनी स्वतः श्रावणला नाल्यावर पाठवले होते. झिंगू कुठे आहे, कोणी थांबवला आहे, हे सगळ्या गावात त्यांनाच पक्के माहीत होते. पण कळप एकटा आलेला पाहिला आणि ते सगळे विसरले. प्रमुख बाई विचारत होत्या, "काय झालं? कोण गेलं?"

"आमचा गायकी, बाई!" गुणवंतराव ओरडले. "आमचा मानूस वाघानं नेला!" आणि पांढरे धोतर दोन्ही हातांनी वर धरून तेही पळाले.

मी हिशेबाची फाइल जीपच्या बॉनेटवर ठेवली आणि त्यांच्या मागे गेलो. ज्या दिवसासाठी महिनाभर झाडलोट केली, त्या दिवशी समितीजवळ उभे राहायला गावात एक माणूस उरला नव्हता. मला त्या गोष्टीचा आजही अभिमान वाटतो.

नाल्यावर पहिला पोचला दादाजी. काठावर झिंगू बिडी ओढत बसला होता आणि श्रावण दोघा मित्रांसह त्याच्या बाजूला होता. दादाजीने कुऱ्हाड टाकली, झिंगूला दोन्ही खांद्यांना धरून उभे केले आणि गदागदा हलवले.

"मेला नाईस तू?"

"आज नाई. आज सुट्टी हाय मले."

"कळप एकटा काऊन सोडला, बेवकूफा? काऊन सोडला?"

"मी नाई सोडला. मले बसवलं. इचार श्रावणले."

एव्हाना सगळे गाव नाल्यावर जमले होते. सगळ्यांनी श्रावणकडे पाहिले. श्रावणने गुणवंतरावांकडे पाहिले. गुणवंतराव गुडघ्यांवर हात ठेवून धापा टाकत होते.

"मीच म्हनलो होतो, थांबव म्हून," ते म्हणाले. "कळप एकटा येईल हे ध्यानातच नाई आलं बा. अन् आला तं, मीच पाठवलं हेही ध्यानात नाई राह्यलं."

कोणीतरी हसले. मग इनायत हसला, आणि मग सगळा नालाच हसायला लागला. सोमारी तेवढी रडत होती आणि रडता रडता श्रावणला शिव्या देत होती.

झिंगू म्हणाला, "गायकी लपते, भाऊ. पन गायकी नाई, हे नाई लपत."

दादाजीचा एक हात झिंगूच्या खांद्यावरच होता. तो काढून घ्यायचे त्याच्या ध्यानात आले नाही. तसेच दोघे भाऊ नाला उतरून गावात आले, आणि आम्ही सगळे मागून आलो. त्या दिवशी झिंगू पहिल्यांदा गावात पुढे चालत आला.

समिती तिथेच थांबली होती. प्रमुख बाईंनी झिंगूकडे पाहिले, त्याच्या हातांकडे पाहिले, आणि एवढ्या माणसांच्या हातांतल्या कुऱ्हाडींकडेही पाहिले. त्यांनी विचारले, "तुम्ही कुठे राहता?"

"नाल्यापलीकडे, बाई."

"म्हणजे गावात की गावाबाहेर?"

झिंगू म्हणाला, "ते मलेही पक्कं नाई मालूम. यांनले इचारा."

दादाजी म्हणाला, "गावातच, बाई. माया लहाना भाऊ हाय."

एवढेच तो बोलला. गावासमोर हे वाक्य बोलायला त्याला सत्तावीस वर्षे लागली, पण बोलताना त्याचा आवाज हलला नाही.

बाईंनी ग्रामसेवकाला विचारले, त्या झोपडीची ग्रामपंचायतीत नोंद आहे का? नव्हती. त्यांनी वहीत लिहून घेतले. रस्त्यावरच्या शेणाचे गुण गेले, नोंद नसलेल्या घराचे गुण गेले. तालुक्यात हिरडटोल्याचा तिसरा नंबर आला. बक्षीस दोनच नंबरांना होते. पाण्याची टाकी पुढे चार वर्षांनी दुसऱ्या योजनेतून झाली. गुणवंतरावांना कोणी टोमणा मारला की, झिंगूपायी टाकी गेली, तर ते भांडायला उठायचे. "वाघानं नेला असता तं टाकीचं पानी गोड लागलं असतं का रे तुले?" असे म्हणायचे.

सगळे एका दिवसात बदलले, असे मी लिहिणार नाही. काही घरी अजूनही झिंगू आला की भांडी बाजूला सरकतात. दादाजीने त्याला घरी राहायला बोलावले, दोनदा बोलावले. झिंगू म्हणाला, "तिकडे वारा चांगला हाय." पण तो आता रोज संध्याकाळी जनावरे पोचवून भावाच्या ओसरीवर जेवतो आणि मग घरी जातो. श्रावण सणासुदीला त्याच्याबरोबर जनावरे घेऊन जातो. अजून त्याची हाक गायी ऐकत नाहीत. झिंगू म्हणतो, "शिकला हाय, म्हून टाइम लागन."

समिती गेल्यानंतर महिनाभराने ग्रामसेवकाने नाल्यापलीकडे जाऊन झोपडीच्या दारावर रंगाने आकडा घातला: ११३. मीही सोबत होतो. झिंगूने विचारले, हे कशाला? ग्रामसेवक म्हणाला, तुझे घर गावात आले, आता वर्षाला बावीस रुपये घरपट्टी लागेल.

झिंगू आकड्याकडे बघून म्हणाला, "घर तं जिथी होतं तिथीच हाय, साहेब. गावच सरकलं वाटते."

दर वर्षी मार्चमध्ये तो ग्रामपंचायतीत येतो, काठी भिंतीला टेकवतो, खुर्चीवर बसतो आणि घरपट्टी भरून पावती मागून घेतो. गेल्या मार्चमध्ये त्याने पंधरा रुपये भरले; उरलेले गावातल्या इतरांसारखे पुढच्या वर्षी देईन म्हणाला. ३१ मार्च २००९ अखेर घर क्रमांक ११३ कडे सात रुपये घरपट्टी बाकी आहे.